डोंगर झाकायचा राहिला

दोन वर्षांपूर्वी मार्च महिन्यात, गावच्या जत्रेला दोन दिवस राहिले असताना, समीर नावाचा एकोणीस वर्षांचा मुलगा मावळातल्या आपल्या घरातून दुपारी दोनच्या सुमारास बाहेर पडला. अंगात निळा शर्ट, पाठीवर काळी सॅक. हे लिहीपर्यंत तो घरी परतलेला नाही.

समीर जन्मला तेव्हा दाखल्यावर मुलगी अशी नोंद झाली होती आणि नावही मुलीचे होते. आपण मुलगा आहोत हे त्याने नववीत असताना आईला सांगितले. समीर हे नाव त्याने स्वतः घेतले. अशा मुलामुलींना पारलिंगी म्हणतात. मी अशा चार तरुणांवर आणि त्यांच्या घरच्यांवर चौतीस मिनिटांचा माहितीपट केला. समीर त्या चौघांपैकी एक. तो घर सोडून गेला याच्या कारणांमध्ये माहितीपट आहे. हे पश्चात्तापाने म्हणत नाही. घटनांचा क्रम तसा आहे आणि तो पुढे दिला आहे.

या अंकाच्या संपादकांनी 'कामातले अनुभव लिहा, बाहेरच्याला हे काम कसे चालते ते कळू द्या' असे सांगितले. म्हणून काही गोष्टी आधी नोंदवते. नावे बदलली आहेत. गावाचे नाव लिहिलेले नाही आणि डोंगराच्या वर्णनात फेरफार केला आहे. समीरच्या आईने हा मजकूर वाचून संमती दिली आहे. समीरची संमती नाही. ती घेण्याचा मार्ग माझ्याकडे नाही.

मी बावीस वर्षे बातमीदारी केली, शेवटची काही कॅमेरा घेऊन. बातमीत पारलिंगी माणूस दोनच वेळा येतो. त्याला मारहाण झाली की, किंवा तो कुठल्यातरी खात्यातला पहिला ठरला की. एरवी तो सकाळी उठतो, डब्याला काय आहे विचारतो, आईशी वाद घालतो, कामाला जातो. याची बातमी होत नाही. नोकरी सोडल्यावर लोणावळ्यात दोन खोल्या घेऊन मी हेच चित्रित करायला लागले. हेतू सरळ होता. शाळेतले शिक्षक, दवाखान्यातले कर्मचारी, पोलीस यांच्या प्रशिक्षणात हे दाखवायचे. ज्यांच्या टेबलासमोर अशी मुले आणि त्यांचे आईबाप उभे राहतात, त्यांनी एकदा त्या घरात जाऊन बसल्यासारखे व्हावे.

त्याचा उपयोग झाला नाही असे नाही. एका शाळेत माहितीपटाचा खेळ झाल्यावर मुख्याध्यापिकांनी हजेरी फक्त आडनावाने घ्यायला सुरुवात केली. तिथली एक मुलगी, जिला मुलाच्या नावाने पुकारले जायचे, ती चार महिन्यांच्या खंडानंतर पुन्हा शाळेत येऊ लागली. बाईंनी फोनवर एवढेच सांगितले, "आडनावं दोनच सारखी निघाली. बाकी काही अडचण नाही."

या कामात सर्वांत जास्त वेळ चित्रीकरणात जात नाही. तो ओळख लपवण्यात जातो. चेहरा झाकायचे काही मार्ग आहेत. माणसाला खिडकीच्या उजेडाकडे पाठ करून बसवायचे, म्हणजे नुसती काळी आकृती दिसते. पाठीमागून घ्यायचे. फक्त हात घ्यायचे. काहीच जमले नाही तर नंतर संगणकावर चेहरा धूसर करायचा. आवाज जाड किंवा बारीक करता येतो. दारावरची पाटी, गाडीचा नंबर, शाळेचा गणवेश, भिंतीवरचे कुटुंबाचे फोटो हे सगळे काढून टाकायचे. चित्रीकरणाआधी त्या माणसाची संमती कॅमेऱ्यासमोर बोलून घ्यायची. काय दाखवायचे, काय नाही, कुठे दाखवायचे, हे त्याने त्याच्या शब्दांत सांगायचे. सगळे जोडून झाल्यावर पहिला खेळ त्याच्याच घरी करायचा. लॅपटॉप मांडायचा, घरातल्यांना बसवायचे आणि कुणी 'हे नको' म्हटले की ते काढायचे, कारण विचारायचे नाही. आम्ही त्याला घरचा खेळ म्हणतो.

सगळ्यांनाच झाकून हवे असते असेही नाही. खंडाळ्याचे वसंतराव रेल्वेत कीमन होते. कीमन म्हणजे रोज ठरावीक अंतर रुळांवरून चालत जाऊन रूळ धरून ठेवणाऱ्या चाव्या तपासणारा आणि सैल झालेल्या हातोड्याने ठोकून बसवणारा माणूस. तीस वर्षे त्यांनी घाटात हे केले. त्यांची धाकटी मुलगी निशा पारलिंगी आहे, पुण्यात एका प्रयोगशाळेत तंत्रज्ञ आहे. दारात 'जयभीम, या' म्हणून त्यांनी मला घेतले आणि चहा येण्याआधीच अट घातली.

"माझं तोंड झाकायचं नाही, मॅडम. तोंड झाकलं की लोक म्हणणार, बापाला लाज वाटते."

"निशाची हरकत नाही ना?"

"तीच म्हणाली. मी आपला तिचा ऑर्डर्ली."

त्यांना एकच वाक्य बोलायचे होते, 'ही माझी मुलगी निशा.' ते अकरा वेळा घ्यावे लागले. प्रत्येक वेळी ते 'मुलगी' या शब्दापाशी थांबत. मला दहावा टेक पुरेसा वाटला होता. त्यांनी हात वर केला. "परत घ्या. चावी ठोकली ना, की आवाजावरून कळतं बसली का सैल आहे. हा आवाज सैल होता." अकराव्याला ते समाधानाने मागे टेकले. आत निशा हसत होती, तो आवाजही चित्रफितीत आहे. आम्ही तो काढला नाही.

वसंतरावांमुळे मला वाटू लागले की मावळातली घरे तयार आहेत. हा अंदाज एका घरावरून केलेला होता. बातमीदाराने असा अंदाज कुणाच्या बातमीत पाहिला असता तर खोडला असता.

समीरच्या घरात तिघे होते. समीर, त्याची आई संगीताताई आणि वडिलांचे वडील, ज्यांना सगळे आबा म्हणत. वडील समीर सहा वर्षांचा असताना वारले. घरची भातशेती होती. समीर बारावीनंतर तळेगावच्या बाजूला एका पॉलिहाउसमध्ये कामाला लागला होता. गुलाब लांबीप्रमाणे निवडायचे आणि वीस-वीसच्या जुड्या बांधायच्या, हे त्याचे काम. हात चांगला होता. मुकादम त्याची जुडी वर ठेवून पाठवत असे.

संमती देताना तो मोठ्या माणसासारखा बोलला. ती चित्रफीत माझ्याकडे आहे. त्यातली वाक्ये अशी: "माझा चेहरा कुणालाही दाखवायचा नाही. माझं जुनं नाव घ्यायचं नाही. नंतर आईनं जरी फोटो मागितला तरी द्यायचा नाही. तिचे भाऊ आहेत, त्यांच्या मोबाईलवर गेलं की संपलं."

मी विचारले, "आईवर विश्वास नाही?"

"आईवर आहे. आईच्या मोबाईलवर नाही."

आबांचे मन वळवायला आम्हाला काही करावे लागले नाही. चित्रीकरणाच्या दुसऱ्या दिवशी ते ओट्यावर बसून म्हणाले, "पोरगी व्हती तवा भांडी घासत न्हवती. आता पोरगा झाला, तरी घासत न्हाई. आमाला काय फरक पडला?"

"आबा, कॅमेरा चालू आहे," समीर म्हणाला.

"असू दे की. भांडी बी पडल्यातच."

गावाला यातले किती माहीत होते, हे मी त्या वेळी नीट तपासले नाही. आता माहीत आहे. समीरचे केस कापलेले होते, तो शर्ट-पँटमध्ये कामाला जायचा, मुलांबरोबर क्रिकेट खेळायचा. गावाला दिसत होते. टोमणे होते, पारावरून जाताना 'बाप्या आला, बाप्या' असे कुणी म्हणे. पण थेट आबांना कुणी काही विचारले नव्हते आणि आबांनी कुणाला काही सांगितले नव्हते. न बोलण्यावर ते सगळे टिकून होते.

त्या गावात जत्रेला पालखीपुढे काठी नेतात. वीस-बावीस हात उंच बांबू, त्याला वरपर्यंत कापड गुंडाळलेले. देवळापासून वेशीपर्यंत ती उभी धरून न्यायची. तिचा मान पाच घरांना आळीपाळीने येतो, म्हणजे एका घराला पाच वर्षांतून एकदा. काठी घरातल्या तरुण मुलाने धरायची. मावळात हा मान बऱ्याच गावांत आहे, त्यामुळे त्यावरून गाव ओळखू येत नाही. त्या वर्षी पाळी आबांच्या घराची होती. समीरचे वडील वारल्यानंतर मधल्या पाळ्यांना त्यांनी पुतण्याला उभे केले होते, पण पुतण्या आता गुजरातेत होता.

कॅमेऱ्यासमोर आबा म्हणाले, "यंदा काठी समीर धरंल. फेटा बांधला की समदी सारकीच. कोन इचारतंय?"

माहितीपटाचा शेवट तोच केला. सकाळची वेळ, अंगण, समीर पाठमोरा, कमरेला दोर बांधून रिकामा बांबू तोलतो आहे. बांबू एकदा कलतो, तो पाय सरकवून सावरतो. समोर गोठ्याचे पत्रे आणि त्यांच्यावर डोंगर. पंचवीस सेकंद. त्याचा चेहरा कुठेही दिसत नाही.

घरचा खेळ फेब्रुवारीच्या सुरुवातीला झाला. संगीताताईंनी एक जागा काढायला लावली, त्यात भिंतीवरच्या कॅलेंडरवर दुकानाचे नाव होते. समीरने स्वतःचा आवाज आणखी जाड करायला सांगितला आणि मग म्हणाला, "आता मी आबांपेक्षा मोठा वाटतोय. राहू द्या." शेवटचे दृश्य तिघांनी दोनदा पाहिले. आबा पुढे वाकून बघत होते.

"डोंगर झ्याक आलाय," ते म्हणाले.

मी वहीत नोंद केली, 'आजोबांना शेवट आवडला.' ती वही माझ्याकडे आहे.

रोज जे अंगणातून दिसते त्याकडे त्या तिघांनी ओळखीची खूण म्हणून पाहिले नाही, हे समजू शकते. ते पाहणे माझे काम होते. दारावरची पाटी मी झाकली, कॅलेंडर काढले, म्हशीच्या कानातला बिल्लासुद्धा धूसर केला. डोंगराच्या माथ्यावर एक खाच आहे. वरच्या आळीतून ती उघडी दिसते, खालच्या आळीतून कड्याआड जाते. गोठ्याच्या पत्र्यांवर ती बरोबर मधोमध येते असे गावात एकच अंगण आहे. हे मला नंतर तिथल्याच एका मुलाने समजावून सांगितले. त्याला ते सांगायला लागावे याचेच त्याला नवल वाटले होते.

फेब्रुवारीच्या शेवटी शिक्षकांच्या प्रशिक्षणात माहितीपट दाखवला. शेवटचे दृश्य संपले, टाळ्या झाल्या. प्रश्नोत्तरांना सुरुवात होण्याआधी मागच्या रांगेतले एक गुरुजी उभे राहिले. ते त्या गावात सहा वर्षे शिकवून गेले होते.

"मॅडम, हे आपल्या आबांचं अंगण ना? अहो, ही खाच मी सहा वर्षं शाळेच्या व्हरांड्यातून बघितली. फार चांगलं काम केलंत. असं घर पाहिजे."

ते मनापासून बोलले. माझ्या मनात पहिला विचार आला तो हा की आता नाही म्हणावे. मी "गाव सांगता येणार नाही" असे म्हटले, म्हणजे हो म्हटल्यासारखेच झाले. खेळ संपल्यावर मी त्यांना बाजूला घेऊन विनंती केली. त्यांनी मान्य केले. पण मधल्या दहा मिनिटांत त्यांनी आबांना अभिनंदनाचा फोन केलेला होता आणि सरपंचांनाही. पडद्यावरच्या शेवटच्या दृश्याची मोबाईलवर घेतलेली दहा सेकंदांची फीत सरपंचांना आधीच गेली होती.

जत्रेची बैठक त्यानंतर आठवड्याने देवळात झाली. मी तिथे नव्हते. हजर असलेल्या दोघांकडून स्वतंत्रपणे ऐकले, दोघांचे सांगणे जुळते. आवाज कुणी चढवला नाही. एक वयस्क गृहस्थ बोलले, ते आबांच्याच वयाचे आणि त्यांच्याच भावकीतले.

"आबा, तुज्या घरात काय चाललंय त्ये आमाला म्हाईत न्हवतं व्हय? आमी कदी बोललो? पोर काठी धरून गेलं असतं, फेटा बांधून. कोन काय म्हनलं नसतं. पर आता पिच्चरमदी आलंय. आता गावाला म्हाईत न्हाई असं म्हनता येत न्हाई."

"मग?"

"यंदा काठी दुसऱ्या घराला देऊ. तुज्या पुडच्या पाळीला बगू."

"माजी पुडची पाळी पाच वर्सांनी," आबा म्हणाले. "तवर मी हितं असंन का?"

पुढचा विषय मांडवाचा होता.

घरी आल्यावर आबांनी दोन दिवस काही सांगितले नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी जेवताना त्यांनी समीरला सांगितले. संगीताताई चुलीपाशी होत्या. त्यांनी ते संभाषण मला जसे सांगितले तसे देते.

"जत्रंचं चार दिस मामाकडं जाऊन ऱ्हा."

"मामाकडं कशाला?"

"पाव्हनं येत्यात. तोंड द्यावं लागतं."

"कुणाला?"

आबांनी हात धुतले. समीर म्हणाला, "काठी गेली ना?" आबा म्हणाले, "तू जा चार दिस." संगीताताई मध्ये बोलल्या नाहीत. त्यांना वाटले, खरेच चारच दिवसांचा प्रश्न आहे. त्यांनी भाकरी बांधून दिली. तो दोन वाजता निघाला.

मामा घोरावाडी स्टेशनपासून पायी दहा मिनिटांवर राहतात. समीर तिथे पोहोचला नाही. आबांनी मामांना आधी कळवले नव्हते, त्यामुळे मामांनीही चौकशी केली नाही. तो बेपत्ता आहे हे घरच्यांना दुसऱ्या दिवशी संध्याकाळी कळले. त्याचा मोबाईल बंद होता. पुढे वसंतरावांनी आपल्या रेल्वेतल्या ओळखींनी स्टेशना-स्टेशनांवर विचारले. घोरावाडीला प्लॅटफॉर्मवरच्या सफाई कामगाराने सांगितले, निळ्या शर्टातला एक मुलगा त्या दुपारी बाकावर बसून होता. दोन गाड्या त्याने सोडल्या. तिसऱ्या, पुण्याकडे जाणाऱ्या लोकलमध्ये तो चढला.

तक्रार द्यायला संगीताताईंबरोबर मी आणि मामा गेलो. हवालदार पन्नाशीचे होते, वागायला सभ्य. त्यांनी आधारकार्ड मागितले. त्यावर जुने नाव होते आणि लिंगाच्या रकान्यात स्त्री. पारलिंगी व्यक्तीला जिल्हाधिकाऱ्यांकडून ओळखपत्र मिळते आणि त्यावरून पुढची कागदपत्रे बदलता येतात. समीरचा अर्ज लिहून तयार होता. जत्रा झाली की भरायचा असे ठरले होते.

"बाई, आधारवर जे आहे तेच मला लिहावं लागतं," हवालदार म्हणाले.

"पर साहेब, तो तसा दिसत न्हाई," संगीताताई म्हणाल्या.

"फोटो?"

त्यांनी पिशवीतून दहावीच्या परीक्षेचा फोटो काढला. दोन वेण्या, लाल रिबिनी. हवालदारांनी तो बराच वेळ पाहिला.

"हा आता कसा दिसतो?"

"केस बारीक हायेत. वठावर वाईच लव हाय."

"म्हणजे मी मुलगी हरवली म्हणून लिहायचं आणि मुलगा शोधायचा." त्यांनी हे चेष्टेने म्हटले नव्हते. त्यांनी पेन खाली ठेवले. "अलीकडचा फोटो कुणाकडं आहे का?"

समीर फोटो काढून घेत नसे. घरात एकही नव्हता. संगीताताईंनी माझ्याकडे पाहिले.

माझ्याकडे समीरचा न झाकलेला चेहरा जवळजवळ सहा तासांच्या चित्रणात होता. जगात तो फक्त तिथेच होता. आणि त्याच हार्डडिस्कवर 'आईनं जरी मागितला तरी' हे वाक्यही होते. मी हवालदारांना सांगितले की आज देता येणार नाही. मामा बाहेर येऊन म्हणाले, "मॅडम, तुमचा नियम मोठा का पोरगं मोठं?"

तीन आठवडे मी फोटो दिला नाही. या काळात पोलिसांनी जुन्या नावाने आणि वेण्यांच्या फोटोने शोध घेतला. त्या वर्णनाची मुलगी कुठेच नव्हती, त्यामुळे ती सापडली नाही. जत्रा झाली. काठी दुसऱ्या घराने नेली. आबा त्या दिवशी शेतावर होते.

चौथ्या आठवड्यात संगीताताई एकट्या लोणावळ्याला आल्या. त्यांना घाई नव्हती. पाणी प्यायल्या, मग बोलल्या.

"त्यानं न्हाई सांगितलं व्हतं ना फोटू द्यायला?"

"हो."

"मला दावा, काय म्हनला त्ये."

मी ती चित्रफीत दाखवली. 'आईच्या मोबाईलवर नाही' ऐकताना त्या थोड्या हसल्या. "बराबर हाय त्याचं. माजा मोबाईल समदेच हाताळत्यात." मग पदर नीट केला. "त्याचा शबुद तुमी पाळला, ताई. लय बरं केलं. आता मी काय पाळू?"

मी त्या दिवशी एक चित्र निवडले. पॉलिहाउसमध्ये तो कुणाकडे तरी वळून बघतो आहे, टोपी उलटी घातलेली, हातात दोरा. चेहरा स्पष्ट आहे. मोबाईलवर पाठवायचे नाही म्हणून कागदावर दोन प्रती छापल्या. एक हवालदारांना दिली, एक संगीताताईंना. हवालदारांनी ती तक्रारीच्या कागदांना जोडली आणि सांगितले की फक्त चौकीतल्या माणसांना दाखवतील. माझ्या माहितीप्रमाणे त्यांनी ते पाळले.

दुसरी प्रत संगीताताईंनी देवघरात ठेवली. मामा भेटायला आले तेव्हा त्यांनी मोबाईलने तिचा फोटो काढला. बहीण जेवत नाही, पोलीस काही करत नाहीत, आपण काहीतरी करावे, असे त्यांना वाटले. त्यांनी मला नंतर हेच सांगितले आणि ते खोटे बोलत होते असे मानायला आधार नाही. फोटोखाली त्यांनी मजकूर लिहिला: 'वरील मुलगी मुलाच्या वेशात फिरत आहे. दिसल्यास कळवावे.' त्याखाली जुने नाव, पूर्ण, आडनावासह. त्याखाली स्वतःचा आणि संगीताताईंचा नंबर. हा मजकूर त्यांनी नातेवाइकांच्या, भावकीच्या, जुन्या वर्गमित्रांच्या आणि एका फुलवाल्यांच्या ग्रुपवर टाकला.

मला हे कळले तोवर चार दिवस झाले होते. मामांनी आपल्याकडचे संदेश काढून टाकले. पुढे गेलेले काढता येत नाहीत.

सुरुवातीला फोन आले ते बहुतेक चौकशीचे आणि काही घाणेरडे. संगीताताई प्रत्येक फोन घेत. एकाने, ती तुम्हाला हवी कशाला, असे विचारले. त्यांनी त्यालाही विचारले, "बाबा, तू त्याला बगितलंस का कुटं?"

जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात, एका शनिवारी सकाळी, सांगलीकडच्या एका पॉलिहाउसच्या मालकांचा फोन आला. संगीताताईंनी ऐकून घेतले आणि त्यांचा नंबर मला दिला. मी लगेच फोन केला, ओळख सांगितली आणि प्रश्न विचारले. ते सावकाश, आठवून उत्तरे देत होते.

समीर त्यांच्याकडे एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात आला. गुलाबाचे काम येते म्हणाला. त्यांनी एक जुडी बांधायला लावली आणि ठेवून घेतले. कामगारांच्या खोलीत आणखी तिघांबरोबर राहत होता. त्रास काही नव्हता.

"तुम्हाला काही शंका?"

"कसली शंका? पोरगं होतं. चांगलं पोरगं होतं. जेवायला बसलं की आमच्या आईला विचारायचं, आजी, तुम्ही जेवला का."

"फोटो कधी आला?"

"बुधवारी सांजच्याला. आमच्या फुलांच्या ग्रुपवर. मी बघितलाच नव्हता. पोरं एकमेकाला दाखवायला लागली, तवा कळलं."

"त्याला कुणी काही बोललं?"

"बोलले असतील. मी नव्हतो तिथं. मी गुरुवारी सकाळी त्याला म्हटलं, बाबा, तुझं काय असेल ते असू दे, काम कर. तो बरं म्हणाला. खाली बघून फुलं बांधत होता."

"नंतर?"

"जेवायच्या सुट्टीत बाहेर गेला. सॅक खोलीतच होती, म्हणून कुणाला काही वाटलं नाही. ती अजून हितंच आहे. आम्ही स्टँडवर बघितलं, तासगावच्या रस्त्याला बघितलं. पोलिसांनाही सांगितलंय."

मी त्यांना हजेरीच्या वहीच्या त्या पानाचा फोटो पाठवायला सांगितले. तो अर्ध्या तासात आला. नावाच्या रकान्यात बापाचे नाव नाही, 'समीर संगीता' असे लिहिलेले आहे. गुरुवारी सकाळी आठची सही आहे. दुपारी दोनची नाही.